परण्यापुढचा रॉक बँड

रवी जाधवचा ‘बँजो’ २३ सप्टेंबर २०१६ला लागला तेव्हा पितृपक्ष चालू होता. परीक्षण लिहिणाऱ्याला या माहितीचा काही उपयोग नाही, पण आम्ही तो सिनेमा पहिल्याच आठवड्यात बघू शकलो त्याचं कारण तेवढंच. गणपती उठले होते, घट बसायला वेळ होता, आणि पितृपक्षात ना लग्न, ना वास्तुशांत. म्हणजे सुपारी नाही. तुळजापूर तालुक्यातल्या आमच्या गावची बँजो पार्टी, सहाच्या सहा जण, एकाच दिवशी मोकळी असण्याचा योग तसा दुर्मिळच. एरवी भोंगे आणि जनरेटर वाहणाऱ्या छोट्या हत्तीत बसून सगळे सोलापूरला गेले. मीही गेलो.

मी पार्टीत वाजवत नव्हतो. बँजो वाजवायचा माझा चुलतभाऊ, दादा. मी पुण्यात शिकायला होतो. सुट्टीत आलो की केबली गुंडाळायच्या आणि परण्यापुढं चालत मोबाईलवर शूटिंग करायचं, ही माझी कामं. (परण्या म्हणजे लग्नाआधी नवरदेव वाजतगाजत मारुतीला जातो ती मिरवणूक. पुण्या-मुंबईच्या वाचकांसाठी सांगून ठेवतो.) पार्टीला नाव होतं, टेम्पोच्या काचेवर रेडियमनं लिहिलेलं. इथं लिहीत नाही, कारण त्यातले तिघं अजून त्याच गावात राहतात आणि त्यांना हे सगळं आठवायला आवडेलच असं नाही.

सिनेमाबद्दल आमच्या अपेक्षा काय होत्या? हिरो रितेश देशमुख, म्हणजे शेजारच्या लातूरचा. दिग्दर्शक ‘नटरंग’वाला. आणि पोस्टरवर आमचं वाद्य. बँजो हातात घेतलेला माणूस मोठ्या पडद्यावर हिरो म्हणून बघायची ती आमची पहिलीच वेळ.

गोष्ट अशी. न्यूयॉर्कमधल्या एका मुलीच्या कानावर मुंबईतल्या गणपतीतलं बँजोचं रेकॉर्डिंग पडतं. हे वाजवणारा कोण, ते शोधत ती मुंबईला येते. वाजवणारा आहे तराट, वस्तीतल्या एका पुढाऱ्यासाठी वसुली करणारा. तो तिच्यासोबत फिरतो, तिला वस्ती दाखवतो, पण ‘तू शोधतेस तो मीच’ हे सांगत नाही. बँजो वाजवतो हे सांगायची त्याला लाज वाटते.

या जागेला थिएटरात दादा पुढं सरकून बसला. मीही. आता सांगतील, का लाज वाटते ते.

सिनेमा सांगत नाही. लोक मान देत नाहीत, एवढ्यावर भागवतो आणि पुढच्या गाण्याकडं जातो. तेव्हा मला नुसता राग आला होता. नंतर तीनदा बघितल्यावर कळलं की सिनेमाचा पाया इथंच कच्चा राहिलाय. लाजेचं कारणच दिलं नाही तर ती लाज परदेशातून आलेल्या मुलीच्या एका कौतुकानं जाऊ शकते. कारण दिलं असतं तर तिला इतक्या सहज घालवता आली नसती, आणि मग सिनेमा वेगळाच करावा लागला असता.

आमच्या घरातलं कारण सांगतो. माझे आजोबा हलगी वाजवायचे. मातंग वस्तीतल्या माणसानं गावाच्या लग्नात, जत्रेत, मयतीत हलगी वाजवायची आणि बदल्यात सुगीला धान्य न्यायचं, हा रिवाज. त्यात वाजवणं ही कला आहे का, चांगलं वाजतंय का, हा प्रश्नच कुणाला पडत नसे. ते काम होतं आणि ते तुमच्या जातीचं होतं. माझ्या वडिलांनी आणि चुलत्यांनी हलगीला हात लावायचा नाही असं ठरवलं आणि ते पाळलं. दादानं बँजो उचलला त्यामागं हेही होतं. हलगी उचलली असती तर चुलत्यांनी घराबाहेर काढलं असतं. बँजो बाजारातून आला होता, त्याला वायर होती, तो अँप्लिफायरला लागत होता. तो वाजवायची सक्ती आमच्यावर कुणी केली नव्हती. चुलत्यांना ते पटायला एक वर्ष गेलं. पण परण्यापुढं गावातलं कुणी हाक मारायचं तेव्हा हाक तीच असायची: “ए वाजवणाऱ्या.”

दादाला ‘आर्टिस्ट’ म्हणवून घ्यायचं होतं. व्हिजिटिंग कार्डावर त्यानं तसं छापलंही होतं.

*

या वाद्याविषयी थोडं, कारण सिनेमा त्याच्याविषयीही फार बोलत नाही. आपण ज्याला बँजो म्हणतो तो खरा बँजो नव्हेच. खरा बँजो म्हणजे आफ्रिकेतून गुलाम म्हणून नेलेल्या माणसांनी अमेरिकेच्या भूमीवर घडवलेलं, चामडं ताणून बसवलेलं वाद्य. आपलं वाद्य जपानी. १९१२मध्ये नागोया शहरातल्या गोरो मोरिता यांनी टाइपरायटरसारख्या खटक्यांचं ‘ताइशोगोतो’ काढलं. ते भारतात येऊन बुलबुल तरंग झालं आणि मग महाराष्ट्रभर कुणीतरी, कधीतरी त्याला बँजो म्हणायला लागलं. डाव्या हातानं खटके दाबायचे, उजव्या हातातल्या पट्टीनं तारा छेडायच्या. एका वेळी एकच सुरावट. गिटारवर तार ओढून सूर वाकवता येतो तसा इथं वाकत नाही. म्हणून सूर लांबवायचा तर तीच तार भराभर छेडत राहायचं. बँजोचा तो थरथरता, किंचित चिडलेला आवाज यातून येतो.

त्यात आमचा अँप्लिफायर जुना आणि भोंगे फाटके. आवाज वाढवला की बँजो गुरगुरायला लागायचा. पुण्यात हॉस्टेलवरच्या एका गिटारवाल्या मित्राला मी ते रेकॉर्डिंग ऐकवलं. तो म्हणाला, हे डिस्टॉर्शन कुठल्या पेडलचं? तो स्वतः तसाच आवाज काढायला पेडल विकत घ्यायला पैसे साठवत होता. दादा मात्र तो आवाज जावा म्हणून पैसे साठवत होता. या दोघांची भेट मी कधी घालून दिली नाही, याचं अजून वाईट वाटतं.

रॉक बँड हा शब्द मला मेमरी कार्डातून मिळाला. तेव्हा मोबाईल शॉपीत दहा रुपयांत कार्ड भरून मिळायचं. त्यात एकदा ‘रॉक ऑन’ आला. २००८चा सिनेमा, अभिषेक कपूरचा. मुंबईतला ‘मॅजिक’ नावाचा चौघांचा बँड स्पर्धा जिंकतो, करार मिळतो आणि पहिल्या व्हिडिओच्या शूटिंगलाच फुटतो. दहा वर्षांनी एक बँकेतला मोठा साहेब झालेला, एक बापाच्या दागिन्यांच्या धंद्यात, एक दुसऱ्यांसाठी संगीत करून देणारा, आणि जो नावाचा गिटारिस्ट बायकोच्या कमाईवर. मग पुन्हा एकत्र येणं, शेवटचा कार्यक्रम. शंकर-एहसान-लॉय यांचं संगीत. हिंदीतून रॉक गाणारा बँड मी पहिल्यांदा ऐकत होतो. त्याआधी मुंबईत ‘रॉक मशीन’ होऊन गेला होता. १९८४मध्ये सुरू झालेला, १९९३मध्ये ‘इंडस क्रीड’ असं नाव घेतलेला, इंग्रजीतून गाणारा. पण तो आमच्या कार्डापर्यंत पोचला नव्हता.

‘रॉक ऑन’ मला आजही आवडतो आणि त्यातली सगळ्यात आवडती व्यक्तिरेखा सिनेमाला स्वतःला फारशी आवडत नाही. जोची बायको डेबी. ती मासळीचा धंदा सांभाळते, घर चालवते, आणि नवऱ्याला जहाजावर गिटार वाजवायची नोकरी मिळते तेव्हा ती घ्यायला लावते. शेवटी कार्यक्रमाच्या रात्री जो विमानतळाच्या वाटेवर असतो, गाडीत रेडिओवर मित्रांचं गाणं ऐकतो आणि मागं फिरतो. थिएटरात इथं टाळ्या पडत असणार. आम्ही सहा इंची स्क्रीनवर बघत होतो. आमच्या पार्टीतला प्याडवाला म्हणाला, “येडंय का हे? वर्षाची सुपारी सोडून चाललंय.” सगळे हसले. दादा हसला नाही. तो म्हणाला, “बायकोला फोन तरी करायचा की.”

मला वाटतं ‘रॉक ऑन’वरची ही सगळ्यात नेमकी टीका आहे. मित्रांनी भांडण मिटवलं की बँड उभा राहतो, असं सिनेमा मानतो. भाड्याचं काय, हा प्रश्न डेबी विचारते आणि तेवढ्यासाठी तिला अडथळा ठरवलं जातं. आमच्या पार्टीत भांडणं रोज व्हायची, डिझेलवरून, जेवणावरून, कुणी दारू पिऊन आला म्हणून. त्यातल्या एकाही भांडणानं पार्टी फुटली नाही. सहा जणांपैकी टेम्पो एकाचा आणि साउंड दुसऱ्याचा, त्यामुळं फुटणं परवडणारं नव्हतं. इसार घेतलेला, बाकीचे पैसे लग्नानंतर. एका लग्नात तर नवरीकडचे आणि नवरदेवाकडचे एकमेकांकडं बोट दाखवत राहिले आणि उरलेली रक्कम कधी आलीच नाही. सोयाबीनला भाव नसला की सुपाऱ्या निम्म्यावर. दहा वाजले की भोंगे बंद करायला पोलीस. आणि वर्षागणिक एकेक गाव डीजेकडं जात होतं, कारण डीजेला माणसं दोन लागतात आणि त्यांचा आवाज छातीत लागतो.

‘बँजो’ मध्ये मात्र पैसा आहे. तराटचा वसुलीचा धंदा, ‘ग्रीस’, ‘पेपर’ अशी कामधंद्यावरून पडलेली पोरांची नावं. हे रवी जाधवचं श्रेय आहे. ‘रॉक ऑन’पेक्षा हा सिनेमा जमिनीच्या जवळ उभा आहे. गंमत म्हणजे ‘रॉक ऑन’मधला कीबोर्डवाला ल्यूक केनी इथंही आहे, न्यूयॉर्ककडचा दुवा म्हणून. आणि गणपतीच्या मुख्य गाण्याचा आवाज विशाल ददलानीचा, म्हणजे १९९४पासून ‘पेंटाग्राम’ या मुंबईच्या रॉक बँडमध्ये गाणारा माणूस. मुंबईचा इंडी रॉक आमच्या वस्तीला भेटायला आला, असं हे गाणं ऐकताना वाटतं. नंतर लक्षात येतं की आवाज त्यांचा, चाल त्यांची, आणि आमचं फक्त वाद्य. गाणं चढायला लागलं की ड्रम आणि गिटार पुढं येतात आणि बँजो मागं सरकतो.

मध्यंतरात चहा पिताना दादाला विचारलं, कसा वाटतोय? तो म्हणाला, “बोटं चुकीची पडत्यात त्याची.” मग थोड्या वेळानं: “पर चांगलाय. आपल्याला कुणी शोधत आलं तर बरं होईल.”

मला या सिनेमातलं सगळ्यात जास्त खटकलेलं वाक्य सिनेमात नाहीच. ते दादाचं आहे. सिनेमा बघून माणसाला असं वाटावं की आपलं काम वाजवत राहायचं, बाकी कुणीतरी लांबून येईल. २०१६नंतर पार्टीतल्या पोरांनी यूट्यूब चॅनेल काढला तो याच आशेवर.

*

चॅनेलवर टाकायचं काय? आम्ही वाजवतो ती सिनेमाची गाणी. पहिल्या सहा व्हिडिओंना कॉपीराइटचे दावे आले. म्हणजे जाहिरातीचे पैसे आले असते तर ते गाण्याच्या कंपनीला गेले असते. यात एक मजेशीर गोष्ट मला नंतर कळली. आपल्या कॉपीराइट कायद्यात, कलम ५२मध्ये, धार्मिक विधीत कुणाचंही गाणं वाजवायला मोकळीक आहे आणि त्या विधीत लग्नाची वरातही मोजली आहे. म्हणजे परण्यापुढं आम्ही देशातलं कुठलंही गाणं फुकटात वाजवू शकतो, कायदा आमच्या बाजूनं. तेच वाजवणं मोबाईलवर चढवलं की ते आमचं राहत नाही. रस्त्यावर मोकळे, स्क्रीनवर चोर.

म्हणून मी दादाला म्हणालो, आपलं काहीतरी बसव. कॉलेजात शिकलेला शहाणपणा. त्यानं बसवलं. तुळजापूरला गोंधळात संबळ ऐकत वाढलेला माणूस तो. संबळाचा ठेका प्याडवर घेतला आणि त्यावर बँजोची दोन मिनिटांची धून. मी आजवर ऐकलेल्या चांगल्या गोष्टींत ती येते, पण मी त्याचा भाऊ आहे तेव्हा हे वाक्य जपून घ्या.

२०१७च्या लगीनसराईत एका परण्यात त्यांनी ती वाजवली. नाचणारी पोरं दहा-पंधरा सेकंद नाचली. मग थांबली. एकमेकांकडं बघायला लागली. नवरदेवाचे मामा टेम्पोजवळ आले. “ओ बँजोवाले, हे काय लावलंय? झिंगाट लावा.” लावलं. गंमत बघा, ‘सैराट’साठी अजय-अतुलनी लॉस एंजेलिसला जाऊन ऑर्केस्ट्रा रेकॉर्ड केला, पण ‘झिंगाट’ला जो दणका आहे तो परण्यातल्या बँजो पार्टीचाच. आमचाच आवाज चकचकीत होऊन परत आला होता आणि आता आम्ही त्याची नक्कल करत होतो.

‘रॉक ऑन’ आणि ‘बँजो’, दोन्ही सिनेमे गृहीत धरतात की बँडकडं स्वतःचं गाणं असतंच आणि अडचण ते जगापर्यंत पोचवण्याची असते. आमच्याकडं अडचण आधीची होती. गिऱ्हाईक पैसे देतं ते ओळखीच्या गाण्यासाठी. नाचायला ओळखीचंच लागतं, त्यात त्याची चूकही नाही. मग नवं गाणं कुणासमोर, कुठं वाजवून वाजवून घासायचं? मुंबईत त्यासाठी निदान चार पब असतात. धाराशिवमध्ये जानेवारी २०२०मध्ये अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन झालं, त्र्याण्णवावं. पुस्तकांसाठी मांडव पडला याचा आनंद आहेच. पण सहा पोरांनी स्वतःची धून वाजवायची आणि लोकांनी खुर्चीत बसून ऐकायची, अशी जागा आमच्या वाट्याला कधी आली नाही.

एक अपवाद होता आणि तो मला उशिरा दिसला. १४ एप्रिल. जयंतीच्या मिरवणुकीत पार्टीला सगळ्यात जास्त वेळ वाजवायला मिळायचं आणि तिथं कुणी सिनेमाचं गाणं मागत नसे. तिथं मागणी भीमगीतांची. वामनदादा कर्डक २००४मध्ये गेले. त्यांची गाणी ज्यांनी त्यांना कधी बघितलं नाही अशा पोरांना तोंडपाठ. ही गाणी कुठल्या कंपनीनं मोठी केली नाहीत. ती माणसांनी गाऊन गाऊन वाढवली. आपलं गाणं म्हणजे स्वतः बसवलेलंच असं नाही, हे मला तिथं कळलं. आणि जे श्रोते एका गाण्याला आपलं म्हणतात ते त्याच्या शेजारी नवं गाणंही ऐकून घेतात. एका जयंतीला दादानं दोन भीमगीतांच्या मध्ये स्वतःची धून घातली. कुणी थांबलं नाही. पुढं चालणाऱ्या बायकांनी टाळ्यांचा ठेका धरला आणि धून दोन मिनिटांची आठ मिनिटं झाली. माझ्या मोबाईलची मेमरी त्याआधीच भरली होती.

जानेवारी २०१८मध्ये चेन्नईत ‘कास्टलेस कलेक्टिव्ह’चा पहिला कार्यक्रम झाला. दिग्दर्शक पा. रंजित आणि संगीतकार तेन्मा यांनी उभा केलेला एकोणीस जणांचा बँड. वस्तीतलं गाना गाणारे, पराई वाजवणारे आणि गिटारवाले एकाच स्टेजवर, एकसारख्या सुटात. पराई म्हणजे तिकडची, जातीनं हातात दिलेली हलगी. मला तो व्हिडिओ हॉस्टेलवर बघताना धक्का बसला तो संगीताचा नव्हता. ‘बँजो’नं जे सांगायचं टाळलं ते या बँडनं आपल्या नावातच घातलं होतं. आणि त्यांना कुणी न्यूयॉर्कहून शोधायला आलं नव्हतं. आपल्यातल्याच एका माणसानं स्टेज बांधलं होतं. मी लिंक दादाला पाठवली. त्याला तमिळ कळत नाही. त्यानं उत्तर दिलं: “हलगीवाला मधी उभाय.”

पुढचं थोडक्यात. मार्च २०२०ला लॉकडाऊन. मग लग्नाला पन्नास माणसं. २२ एप्रिल २०२१पासून पंचवीस माणसं आणि दोन तास. पंचवीस माणसांत सहा वाजवणारे कोण बसवणार? दोन सराया गेल्या. साउंडवाल्यानं साउंड विकला, टेम्पोवाला भाजीपाला वाहायला लागला. प्याडवाला चाकणला कंपनीत. परवानगी परत आली तोवर गावं डीजेवर गेलेली होती.

दादानं बँजो विकला नाही. शालीत गुंडाळून कपाटावर आहे. तो आता दुसऱ्याच्या पिकअपवर ड्रायव्हर आहे, सोलापूर-हैदराबाद रस्त्यावर. हा लेख लिहायला घेतला तेव्हा मी त्याला विचारलं, ती धून कुणाकडं रेकॉर्ड आहे का. माझ्याकडच्या तुकड्यात मध्येच मेमरी संपते. त्याच्याकडंही नव्हती. चार दिवसांनी रात्री साडेअकराला त्याचा व्हॉइस मेसेज आला. अँप्लिफायर नाही, प्याड नाही, नुसता बँजो, त्यामुळं तारेइतकाच खटक्यांचा खटखट आवाज ऐकू येतो. ठेक्यासाठी बहुतेक पायानं पत्र्याची पेटी वाजवलीय. शेवटच्या ओळीला तो एकदा चुकतो, थांबतो, परत घेतो. मग वाजवणं संपतं, शाल ओढल्याचा आवाज येतो आणि तो विचारतो, “आता लावली तर नाचतील का रं?”